वेस ओलांडताना: अमेरिकेत पिस्तूल घेऊन दुसऱ्या राज्यातून गाडीने जायचं असेल तर

"दादा, ओहायोचं पर्मिट आहे माझ्याकडे. दिवाळीला न्यू जर्सीत ताईकडे चाललोय, एडिसनला. पिस्तूल गाडीत राहू दे ना?"

असा फोन मला वर्षातून दोन-तीनदा तरी येतो, आणि बहुतेक वेळा निघायच्या आदल्या रात्री येतो. उत्तर एका शब्दाचं आहे: नको. पण नुसतं 'नको' म्हटलं की पलीकडच्याला वाटतं, दादा आता म्हातारा झाला, घाबरायला लागला. म्हणून कारणांसकट एकदाच लिहून ठेवतो. मी ओहायोत, कोलंबसजवळ राहतो. या देशात येऊन बावीस वर्षं झाली, नेमबाजीचा नाद इथेच लागला. मी वकील नाही. पण कुलपातलं पिस्तूल घेऊन बऱ्याच राज्यांतून गाडी हाकली आहे, आणि दरवेळी निघण्याआधी एक-दोन संध्याकाळी नुसत्या कायदे वाचण्यात घातल्या आहेत.

सगळा घोळ ड्रायव्हिंग लायसन्समुळे होतो. ओहायोचं लायसन्स पन्नासही राज्यांत चालतं, मग त्याच पाकिटातलं दुसरं कार्ड, म्हणजे पिस्तूल बाळगायचं पर्मिट, का चालू नये, असं आपल्याला वाटतं. गावाकडे एखाद्या काकांकडे बारा बोअरची बंदूक असेल तर त्यांचा शस्त्र परवाना आठवा. तो कोणत्या क्षेत्रापुरता आहे हे परवान्यावरच लिहिलेलं असतं. इथे पंचाईत अशी की तुमच्या पर्मिटवर तसं काही लिहिलेलं नसतं. ते कुठे संपतं हे शेजारच्या राज्याच्या कायद्यात लिहिलेलं असतं, आणि ते शोधणं तुमचं काम.

पहिलं काम: स्वतःचा व्हिसा बघा

पुढचं सगळं वाचण्याआधी हे वाचा. आपल्या बहुतेक मंडळींचा विषय इथेच संपतो.

एच-१बी, एल-१, एफ-१, एच-४, अशा कोणत्याही नॉन-इमिग्रंट (कायमच्या वास्तव्यासाठी नसलेल्या) व्हिसावर या देशात आलेल्या माणसाने बंदूक किंवा काडतुसं जवळ बाळगणं हा केंद्राच्या कायद्याने गुन्हा आहे. विकत घेणं तर सोडाच. शिक्षा १५ वर्षांपर्यंत. आधी ती १० होती, २०२२ च्या कायद्याने वाढली. राज्य टेक्सास असो की ओहायो, 'आमच्याकडे पर्मिटच लागत नाही' हे वाक्य तुमच्यासाठी नाही. कायद्यात काही अपवाद आहेत. त्यांतला नेहमी सांगितला जाणारा म्हणजे राज्याने दिलेला वैध शिकारीचा परवाना. दुकानदार तो हसत हसत सांगतो आणि फॉर्मही पुढे करतो. पण शिकारीच्या परवान्याच्या जोरावर कमरेला पिस्तूल लावून चार राज्यं फिरणं ही वेगळी गोष्ट आहे. त्या अपवादावर पैज लावायची असेल तर आधी इमिग्रेशन वकिलाची फी भरा.

ग्रीन कार्डवाल्यांना बंदूक घेता येते, बाळगता येते. पण नागरिकापेक्षा त्यांची जोखीम फार मोठी आहे. इमिग्रेशन कायद्यात बंदुकीच्या गुन्ह्यांचं स्वतंत्र कलम आहे: बेकायदा बाळगल्याचा दोष सिद्ध झाला की देशाबाहेर काढण्याची कारवाई होऊ शकते. म्हणजे ज्या चुकीला नागरिकाला एखाद्या वेळी दंड आणि समज मिळेल, तीच चूक तुमची वीस वर्षांची घडी विस्कटून टाकेल. घर, मुलांच्या शाळा, सगळं.

आणखी एक, आपल्या तरुण मंडळींसाठी. गांजा ज्या राज्यांत कायदेशीर झालाय तिथल्या दुकानातून गांजा घातलेल्या रंगीत, गोड गोळ्यांची डबी घेतली असेल, तर केंद्राच्या कायद्यात गांजा अजूनही गांजाच आहे, आणि तो घेणाऱ्याने बंदूक बाळगायची नाही असं कलम आहे. बंदूक घेताना भरतो त्या ४४७३ नंबरच्या फॉर्मवर हे ठळक छापलेलं असतं. आपण अटी न वाचता सही करणारी माणसं, म्हणून सांगितलं.

दुसरं: रस्ता कागदावर काढा

'ओहायो ते न्यू हॅम्पशायर' एवढं पुरत नाही. मधली प्रत्येक वेस लिहायची. माझा नेहमीचा रस्ता असा: ओहायो, मग आय-८० या महामार्गाने आख्खं पेनसिल्व्हेनिया, स्क्रँटनजवळ आय-८४ धरायचा, न्यूयॉर्क राज्यातले सुमारे ७० मैल, कनेक्टिकट, मॅसॅच्युसेट्स आणि मग न्यू हॅम्पशायर. सहा राज्यं. पहिल्याचं आणि शेवटच्याचं वागणं मोकळं, दुसऱ्याचं अटी घालून, मधल्या तिघांचं कडक.

यात एक गोम आहे. आय-८० सोडायचा राहिला आणि सरळ गेलात, तर डेलावेअर वॉटर गॅपचा पूल ओलांडून तुम्ही न्यू जर्सीत. आणि फोनवरचा नकाशा नेमका हेच सुचवतो. पुढे वाहतूक तुंबली की 'अकरा मिनिटं वाचतील' म्हणून तो आपणहून रस्ता बदलतो. त्याला अकरा मिनिटं दिसतात, तुमच्या डिक्कीतली पेटी दिसत नाही. एकदा बायको गाडी चालवत होती, मी पेंगत होतो. डोळा उघडला तर समोर न्यू जर्सीचा बोर्ड. तेव्हा सगळं कुलपात होतं म्हणून काही बिघडलं नाही, पण झोप मात्र उडाली. तेव्हापासून मी मधले थांबे नकाशात हाताने घालतो आणि गाडी चालवणाऱ्याला एका वाक्यात सांगून ठेवतो: रस्ता बदलायला सांगितलं तर आधी मला उठव.

दक्षिणेकडून येणाऱ्यांनी आय-८१ चा विचार करावा. आय-९५ ने व्हर्जिनियातून वर निघालात की मेरीलँड, डेलावेअर, न्यू जर्सी, न्यूयॉर्क अशी रांगच लागते. आय-८१ ने मेरीलँडचे जेमतेम बारा मैल लागतात आणि न्यू जर्सी पूर्ण टळते. मैल जास्त पडतात, टोल मात्र कमी.

तिसरं: कोण मानतं, कोण मानत नाही

प्रत्येक राज्यासमोर तीन रकाने आखा. आपलं पर्मिट मानतात का? मानत नसतील तर गाडीत कसं ठेवायचं? मॅगझिन (पिस्तुलात गोळ्या भरायचा कप्पा) आणि गोळ्यांवर काय बंधनं? माहिती त्या राज्याच्या स्टेट पोलिसांच्या किंवा अॅटर्नी जनरलच्या संकेतस्थळावरून घ्यायची, आणि समोर तारीख टाकायची. दुकानातला माणूस, रेंजवरचा मित्र, आणि हा लेखसुद्धा, ही सगळी ऐकीव माहिती धरा. कायदे दर अधिवेशनात बदलतात.

आज बऱ्याच राज्यांत पर्मिटशिवाय पिस्तूल लपवून बाळगता येतं. टेक्सासने २०२१ मध्ये मुभा दिली, ओहायो, इंडियाना आणि जॉर्जियाने २०२२ मध्ये, फ्लोरिडाने २०२३ मध्ये. २०२४ मध्ये साउथ कॅरोलिना आणि लुईझियाना आल्यावर हा आकडा २९ झाला. व्हरमाँटमध्ये तर पर्मिट नावाची गोष्ट कधी नव्हतीच. त्यामुळे ओहायोतले नवे लोक विचारतात, आता पर्मिट काढायचंच कशाला?

कारण पेनसिल्व्हेनिया. तिथे भरलेलं पिस्तूल गाडीत ठेवायला परवाना लागतो. दुसऱ्या राज्याने दिलेला वैध परवाना असला तरी गाडीपुरतं चालतं, पण कार्ड हातात हवं. 'माझ्या राज्यात लागत नाही' याला तिथे किंमत नाही. म्हणजे ओहायोत पूर्ण कायदेशीर असलेला माणूस यंग्सटाउनच्या पुढे वेस ओलांडतो आणि सीटवर बसल्या बसल्या गुन्हेगार होतो. शेरिफच्या ऑफिसात जाऊन, प्रशिक्षण घेऊन, ते कार्ड काढून ठेवा.

काही राज्यं आणखी बारकावा पाळतात. मिशिगन तुमच्या स्वतःच्या राहत्या राज्याचंच पर्मिट मानतं. ओहायोत राहून युटाहचं पर्मिट काढलं असेल तर ते तिथे चालत नाही. व्हर्जिनिया बाहेरच्यांच्या पर्मिटच्या बाबतीत बराच उदार आहे. तिथून पोटोमॅक ओलांडून वॉशिंग्टनात शिरलात की ते औदार्य संपलं.

इलिनॉयचा नियम मला नेहमी गमतीचा वाटतो. शिकागोला बरेच जण जातात म्हणून सांगतो. इलिनॉय बाहेरचं पर्मिट मानत नाही. पण तुमच्या राज्याचं पर्मिट असेल तर गाडीच्या आत लपवलेलं पिस्तूल चालतं. गाडीतून उतरलात की ते गाडीतच, बंद करून, कुलपात राहिलं पाहिजे. म्हणजे पेट्रोल भरायला खाली उतरण्याआधी पिस्तूल कमरेवरून काढायचं, पेटीत ठेवायचं, कुलूप लावायचं आणि मग दार उघडायचं. दर थांब्याला ही कसरत करण्यापेक्षा इंडियानातच सगळं नीट बांधून ठेवावं असं माझं मत.

आणि न मानणारी: न्यू जर्सी, न्यूयॉर्क, कनेक्टिकट, मॅसॅच्युसेट्स, मेरीलँड, कॅलिफोर्निया. २०२२ च्या जूनमध्ये सुप्रीम कोर्टाने न्यूयॉर्कचा जुना कायदा रद्द केला, ती बातमी वाचून अनेकांना वाटलं की आता सगळीकडे मोकळीक झाली. तसं नाही. त्या निकालाने पर्मिट नाकारायची एक जुनी अट गेली. पर्मिट लागतंच, आणि ते त्यांचंच लागतं. उलट न्यूयॉर्कने त्याच वर्षी नवा कायदा करून 'संवेदनशील जागां'ची लांबलचक यादी केली, टाइम्स स्क्वेअर त्यात आहे. न्यूयॉर्क शहराचं तर आणखी वेगळं. त्याच राज्यातल्या बफेलोच्या माणसाचं पर्मिटही शहरात आपोआप चालत नाही, तिथे आपली काय कथा.

चौथं: १९८६ चा कायदा नीट समजून घ्या

मग या न मानणाऱ्या राज्यांतून जायचंच नाही का? जाता येतं. त्यासाठी केंद्राचा १९८६ चा कायदा आहे, फोपा म्हणतात त्याला; कलम ९२६-ए. मधल्या राज्याचा कायदा काहीही म्हणो, नुसतं पार होणाऱ्या प्रवाशाला तो संरक्षण देतो. पण अटी पाळल्या तरच, आणि अटी एकेक शब्द तोलून घेण्यासारख्या आहेत.

निघता तिथे ती बंदूक बाळगणं आणि जवळ घेऊन फिरणं तुम्हाला कायदेशीर हवं. पोचता तिथेही हवं. बंदुकीत गोळी नसावी. बंदूक आणि काडतुसं दोन्ही माणसं बसतात त्या भागातून हाताला येता कामा नयेत. आणि गाडीला वेगळी डिक्की नसेल तर ती कुलूपबंद पेटीत हवीत. ग्लोव्ह बॉक्स किंवा मधला कन्सोल ही 'पेटी' धरली जात नाही, त्याला कुलूप असलं तरी.

आता एडिसनच्या ताईकडे परत येऊ. निघतो ओहायोतून, ठीक. पोचतो कुठे? न्यू जर्सीत. तिथे ओहायोच्या पर्मिटवर पिस्तूल घेऊन फिरता येत नाही. दुसरी अट तिथेच मोडली. हा कायदा राज्यातून पार होणाऱ्यासाठी आहे, राज्यात येणाऱ्यासाठी नाही. ताईच्या घरी चार दिवस राहून पुढे न्यू हॅम्पशायरला गेलो तर? तो चार दिवसांचा मुक्काम 'पार होणं' कसं, हे तुम्हाला न्यायाधीशाला पटवावं लागेल.

न्यू जर्सीत पर्मिटशिवाय पिस्तूल सापडलं तर ग्रेव्ह्ज अॅक्ट नावाचा कायदा लागतो. किमान ४२ महिने, पॅरोलशिवाय. २०१३ च्या ऑक्टोबरमध्ये पेनसिल्व्हेनियाच्या एका तरुण आईला अटलांटिक सिटी एक्स्प्रेसवेवर साध्या वाहतुकीच्या कारणासाठी थांबवलं. तिच्याकडे तिच्या राज्याचं पर्मिट होतं. तिने स्वतःच प्रामाणिकपणे सांगितलं की पिस्तूल जवळ आहे, हे माझं पर्मिट. तिला अटक झाली, महिन्याहून जास्त तुरुंगात राहिली. प्रकरण देशभर गाजलं. पुढे अशा बाहेरच्या प्रवाशांबाबत जरा समजुतीने घ्यावं अशा सूचना सरकारी वकिलांना मिळाल्या, आणि २०१५ मध्ये गव्हर्नर क्रिस ख्रिस्टी यांनी तिला माफी दिली. २०२२ चं बृहन्महाराष्ट्र मंडळाचं अधिवेशन अटलांटिक सिटीतच झालं होतं. फिलाडेल्फियाकडून येणाऱ्या आपल्या किती गाड्या त्याच रस्त्याने गेल्या असतील. गव्हर्नरची माफी प्रत्येकाच्या नशिबी नसते.

पाचवं: बांधाबांध

माझा नियम साधा आहे. वाटेतलं सगळ्यांत कडक राज्य कोणतं ते बघायचं आणि घरून निघतानाच त्याच्या हिशोबाने बांधायचं. वेशीच्या आधी विसाव्याच्या जागी थांबून डिक्की उघडून पिस्तूल हाताळायचं नाही. बघणारा पोलिसांना फोन करतो, आणि त्यात त्याची काही चूक नाही.

आपल्यापैकी निम्म्यांकडे सिएना नाहीतर ओडिसी. या गाड्यांना डिक्की नाही, मागचा भाग बसण्याच्या भागाशी जोडलेलाच आहे. मी काय करतो ते सांगतो. पिस्तूल रिकामं करतो. मॅगझिन काढलं, स्लाइड मागे ओढली, चेंबरमध्ये बोट घालून बघितलं, मग मुलीला दाखवलं. ती आता सोळाची आहे आणि 'बाबा, रिकामं' असं तिने म्हटल्याशिवाय पेटी बंद होत नाही. ते एका छोट्या लोखंडी पेटीत, कुलूप लावून, पेटी तारेच्या दोराने मागच्या सीटच्या पायाला बांधलेली. काडतुसं दुसऱ्या कुलूपबंद पेटीत. दोन्ही पेट्या सगळ्यांत तळाशी, वर बॅगा, त्यावर चिवडा-लाडवांचे डबे आणि कूलर. खाऊ वर ठेवायचं कारण भूकच नाही. वाटेत काहीही काढायला त्या पेट्यांना हात लागू नये. किल्ल्या गाडीच्या किल्लीच्या जुडग्यात नाहीत, माझ्या बॅगेत.

मॅगझिन दहा गोळ्यांचीच न्या. न्यू जर्सी, न्यूयॉर्क, कनेक्टिकट, मॅसॅच्युसेट्स, चारही ठिकाणी दहाची मर्यादा आहे. १९८६ च्या कायद्यात बंदूक आणि काडतुसं असे शब्द आहेत, मॅगझिनचं नाव नाही. त्यावर वकील तासभर बोलतील, आपण पंधराचं मॅगझिन घरी ठेवून तो तास वाचवावा. हॉलो पॉइंट (टोकाला पोकळी असलेल्या) गोळ्याही घरीच. न्यू जर्सीत त्यांच्यावर वेगळी बंधनं आहेत.

बंदुकीची खरेदीपावती, पर्मिटची प्रत, आणि पुढे जिथे जाता तिथली काही नोंद (रेंजचं बुकिंग, स्पर्धेची पावती, हॉटेलचं आरक्षण) एका पाकिटात. 'मी इथून निघालो आणि तिथे चाललोय' हे दाखवता आलं पाहिजे.

सहावं: मुक्काम

पेट्रोल, जेवण, लघुशंका, एवढ्यासाठी थांबणं ठीक. रात्रीचा मुक्काम कडक राज्यात करू नका. यामागे एक निकाल आहे. २००५ मध्ये युटाहचा एक प्रवासी विमानाने पेनसिल्व्हेनियाकडे निघाला होता. सामानात रीतसर नोंदवलेलं, कुलूपबंद पिस्तूल. न्यूआर्कला विमान उशिरा पोचलं, पुढचं चुकलं, सामान हातात दिलं गेलं आणि त्याला जवळच्या हॉटेलात रात्र काढावी लागली. दुसऱ्या दिवशी विमानतळावर त्याने पुन्हा रीतसर पिस्तूल असल्याचं सांगितलं आणि अटक झाली. काही दिवस कोठडी, मग आरोप मागे घेतले गेले. त्याने दावा लावला. २०१० मध्ये फेडरल अपील कोर्टाने सांगितलं की हॉटेलात ते सामान त्याच्या हाताशी होतं, म्हणून १९८६ च्या कायद्याचं संरक्षण नाही. त्याची अडचण कोर्टाला कळत होती. कायद्यात अडचणीसाठी जागा नव्हती.

म्हणून माझा मुक्काम ठरलेला आहे, स्क्रँटनच्या अलीकडे. तिथून पहाटे पाचला निघालं की नऊच्या आधी न्यूयॉर्क-कनेक्टिकट बरंचसं मागे पडतं. एकदा नॉर्थ जर्सीतल्या मित्राने फारच आग्रह केला, "अरे चाळीस मिनिटांवर आहेस, वहिनीने श्रीखंड केलंय." गेलो नाही. त्याला खरं कारण सांगितलं तर तो आठवडाभर रुसला. हॉटेलात पेटी खोलीत आणतो, गाडीत रात्रभर सोडत नाही. पार्किंगमधल्या गाड्या फोडून बंदुका चोरणं हा इथला जुना धंदा आहे.

सातवं: पोलिसाने थांबवलं तर

गाडी बाजूला घ्या, इंजिन बंद, रात्र असेल तर आतला दिवा लावा, काच खाली, दोन्ही हात स्टिअरिंगवर. आपली सवय अशी की तो यायच्या आत कागद शोधायला वाकायचं. वाकू नका. विमा आणि रजिस्ट्रेशनची कागदं मी सनव्हायझरच्या पट्ट्यात ठेवतो, म्हणजे ग्लोव्ह बॉक्स उघडायचा प्रसंगच येत नाही.

पिस्तूल आहे हे स्वतःहून सांगायचं का? राज्याराज्यांत वेगळं. मिशिगन आणि नॉर्थ कॅरोलिनात पर्मिटधारकाने बाळगलेलं असेल तर आपणहून सांगावंच लागतं. ओहायोत २०२२ पासून त्याने विचारलं तर खरं उत्तर द्यायचं, एवढंच. हे तुमच्या कागदावर चौथा रकाना आखून त्यात लिहा. सांगायची वेळ आली तर 'गन' या शब्दाने वाक्य सुरू करू नका. आधी पर्मिटबद्दल, मग जागा, मग 'मी काय करू ते सांगा'. हात जागेवरून हलले नाही पाहिजेत. गाडी तपासू का असं विचारलं तर नम्रपणे नाही म्हणायचा तुम्हाला हक्क आहे, पण त्याच्याशी वाद घालायचा नाही. वाद कोर्टात घालतात, रस्त्याच्या कडेला नाही. खोटं तर अजिबात बोलायचं नाही.

मागच्या सीटवरच्या लहान मुलांना आधी समजावून ठेवा. शांततेत अचानक "बाबा, आपली पेटी कुठंय?" असं मराठीत विचारलेलंही बरं दिसत नाही.

आठवं: मराठी शाळा, आणि इतर जागा

हे कुणीच सांगत नाही, म्हणून जरा थांबून सांगतो. शाळेच्या आवारापासून १,००० फुटांच्या आत बंदूक बाळगण्यावर केंद्राची बंदी आहे. अपवाद दोन महत्त्वाचे: एक, ती शाळा ज्या राज्यात आहे त्या राज्याने तुम्हाला दिलेलं पर्मिट, दोन, रिकामी आणि कुलूपबंद. पहिला अपवाद परत वाचा. त्या राज्याने दिलेलं. म्हणजे इंडियानात पर्मिट लागत नाही म्हणून भरलेलं पिस्तूल कमरेला लावून ओहायोचा माणूस एखाद्या गावातून गेला, तर राज्याचा कायदा काही म्हणणार नाही, पण शाळेच्या शेजारच्या रस्त्यावर केंद्राचा कायदा मोडला. नकाशा काढून बघा, कोणत्याही गावातून हजार फूट टाळून जाता येतं का.

आणि आपले कार्यक्रम होतात कुठे? गणपती भाड्याने घेतलेल्या हायस्कूलच्या सभागृहात. दिवाळीचं नाटक तिथेच. रविवारची मराठी शाळा तर शाळेच्या वर्गातच. पाहुणा म्हणून दुसऱ्या राज्यातल्या मंडळाच्या कार्यक्रमाला जाताय तर पिस्तूल नेऊच नका, पार्किंगपर्यंतसुद्धा. मोदक खायला शस्त्र लागत नाही.

राष्ट्रीय उद्यानांत २०१० पासून ते उद्यान ज्या राज्यात आहे त्याचा कायदा चालतो. ग्रेट स्मोकी टेनेसी आणि नॉर्थ कॅरोलिना या दोन राज्यांत पसरलंय, म्हणजे डोंगर उतरता उतरता कायदा बदलतो. आणि उद्यानातल्या सरकारी इमारतीत, व्हिजिटर सेंटर धरून, बंदूक नाहीच. टेक्साससारख्या ठिकाणी दुकानाच्या दारावरच्या ठरावीक मजकुराच्या फलकाला कायद्याचं बळ असतं. बंदुकीवर काट मारलेला बोर्ड दिसला की परत फिरा.

नायगारा. आपल्याकडे पाहुणे आले की तिथे जाणं आलंच. धबधब्याची चांगली बाजू पलीकडे म्हणून सगळे पूल ओलांडतात. पलीकडे कॅनडा आहे. तिथे ओहायोचं पर्मिट, फोपा, काहीही नाही. पिस्तूल घेऊन त्या पुलाच्या रांगेत लागू नका. डेट्रॉइटलाही अॅम्बॅसडर ब्रिजच्या लेनमध्ये चुकून शिरलं की मागे वळणं अवघड. तसं झालंच तर पहिल्या अधिकाऱ्याला, त्याने विचारण्याची वाट न बघता, चूक झाल्याचं आणि पेटीत काय आहे ते सांगा.

अटक झालीच तर

१९८६ चा कायदा पोलिसाला अटक करण्यापासून नेहमी थांबवत नाही. न्यूयॉर्क-न्यू जर्सीकडे तो बहुधा अटकेनंतर कोर्टात मांडायचा बचाव ठरतो. म्हणून रस्त्यावर कलमं ऐकवू नका. नाव-पत्ता सांगा, वकील हवा म्हणा आणि गप्प बसा. नागरिक नसाल तर फौजदारी वकिलाला पहिलंच वाक्य तेच सांगा: मी नागरिक नाही. गुन्हा कबूल केल्यास देशाबाहेर जावं लागेल का, हे सांगणं त्याचं कर्तव्य आहे असं सुप्रीम कोर्टाने २०१० मध्येच ठरवलंय. सरकारी वकील एखादी सोपी तडजोड पुढे करेल, 'दंड भरा आणि घरी जा'. इमिग्रेशन वकिलाने वाचल्याशिवाय तिच्यावर सही नाही.

घरी ठेवून जाताय तर

परवा एडिसनला ताईकडे निघालेल्या अशाच एका मुलाचा फोन आला. त्याला हे सगळं सांगितल्यावर तो म्हणाला, "ठीक आहे दादा, नाही नेत. रूममेटकडे देऊन जातो, तो घरीच आहे."

"रूममेट कोण?"

"आपलाच आहे, साताऱ्याचा. मागच्या वर्षी एच-१बी मिळाला त्याला."

त्याच्या हातात ते पिस्तूल दिलं की गुन्हा दोघांचा. तिजोरीची चावी किंवा आकडाही त्याला द्यायचा नाही. रात्री साडेदहाला तो दुकानात जाऊन नवी पेटी घेऊन आला, जुन्या तिजोरीचा आकडा रूममेटला माहीत होता म्हणून. आकडा नवा टाकला आणि मग ताईकडे निघाला.